बेबीची खळी

ताईला ताई न म्हणणारं माणूस त्या रस्त्यावर सापडणं कठीण होतं. स्टुडिओचे मालक तिच्याहून बारा वर्षांनी मोठे, तेही ताईच म्हणायचे. समोरचा घड्याळदुरुस्तीवाला, वरच्या मजल्यावरचा दातांचा डॉक्टर, पासपोर्टच्या फोटोसाठी धापा टाकत आलेली गिऱ्हाइकं, सगळ्यांचीच ती ताई. सख्खी ताई मात्र ती एकाच बाईची होती, आणि त्या बाईला पन्नाशी उलटली तरी घरात बेबी म्हणत.

ताईचं काम चेहरे दुरुस्त करण्याचं. फिल्मचा जमाना होता तेव्हा ती खिडकीपाशी एका उतरत्या मेजाशी बसायची. मेजाच्या मधोमध दुधी काच, खाली आरसा. आरशातून उजेड वर यायचा आणि काचेवर ठेवलेली निगेटिव्ह उजळायची. आधी कापसाच्या बोळ्यानं निगेटिव्हवर एक चिकटसर औषध चोळायचं, म्हणजे पेन्सिल धरते. मग पॉलिशपेपरवर घासून सुईसारखं केलेलं शिसं घ्यायचं आणि श्वास रोखून ठिपके द्यायचे. निगेटिव्हमध्ये सगळं उलटं असतं. चेहऱ्यावरचा खड्डा तिथं फिका दिसतो, तो शिशानं भरला की छापलेल्या फोटोतून नाहीसा होतो. मुरमं, व्रण, डोळ्यांखालची काळी वर्तुळं, सगळं ताई असं भरून टाकायची. मालक गिऱ्हाइकांना मोठ्या तोऱ्यात सांगत, "निम्म्या गावाची लग्नं आमच्या ताईच्या पेन्सिलीवर जमली आहेत." ताई मान वर न करता म्हणायची, "जमली असतील. टिकली का ते मला विचारू नका."

तीस-पस्तीस वर्षं चेहरे इतक्या जवळून पाहिल्यावर माणसाची स्वतःची काही मतं होतात. ताईची खळीबद्दल होती. पोरी यायच्या आणि म्हणायच्या, "ताई, फोटोत खळी घाला ना." ताई विचारायची, "जरा हसतेस का?" पोरगी लाजून हसली की ताई तिचा गाल बघून सांगायची, "तुला पडत नाही. नाही ती मी घालणार नाही. हसल्यावर पडते ती खळी. तोंड मिटून बसलं तरी दिसतो तो खड्डा. खड्डा भरून देईन."

बाहेरच्यांसाठी हा नियम एकदम कडक. फक्त एका गालाच्या बाबतीत तो तिनं जन्मभर मोडला, आणि तो गाल बेबीचा.

ताई सहा वर्षांची होती आणि बेबी दोन वर्षांची, तेव्हाची ही गोष्ट. आईनं ताईला दुधावर लक्ष ठेवायला सांगितलं होतं. बेबी तिच्या मागं स्टुलावर चढून उभी राहिली आणि तिच्या झग्याचा पट्टा ओढायला लागली. स्टुलामुळे ती ताईहून जराशी उंच झाली होती, तिचा गाल ताईच्या डोळ्यांच्या उंचीला आला होता. ताई मागं वळून तिच्यावर ओरडली, तेवढ्यात दूध उतू गेलं. वासानं आई धावत आली. शेगडीवर तापत पडलेलं उलथनं तिच्या हाताला लागलं, तेच उचलून तिनं ताईवर फिरवलं. ताई वाकली. मार खायची सवय असलेलं मूल वाकतं तशी, काही विचार न करता. उलथन्याचा कोपरा मागं उभ्या असलेल्या बेबीच्या उजव्या गालात रुतला.

दवाखान्यात आईनं सांगितलं, "मोठीनं ढकललं, स्टुलावरून शेगडीवर पडली." संध्याकाळी वडिलांना तेच सांगितलं. वडिलांनी ताईच्या दोन थोबाडीत दिल्या आणि जेवायला बसले. आपली आई खोटं बोलू शकते हे सहा वर्षांच्या मुलीला माहीत नसतं. तिला वाटलं, ढकललं असेल आपण, आपल्याला आठवत नसेल. पुढं कितीतरी वर्षं ती तसंच समजून चालली. शहाणी झाली तेव्हा केसांवरून सूं करत गेलेलं उलथनं तिला पुन्हा आठवलं, आणि मग ते विसरता येईना.

गोष्ट फिरवण्यात आईचा हात धरणारं कोणी नव्हतं. दोनेक वर्षांनी शेजारी नवीन बिऱ्हाड आलं. त्यातल्या बाईनं बेबीचा गाल धरून म्हटलं, "अगं बाई, खळी पडते की हिच्या गालाला!" झालं. आईनं तो शब्द असा झेलला की हातातून सुटूच दिला नाही. माझ्या आजीला अशीच खळी होती, म्हणाली. ती आजी पाहिलेलं माणूस तेव्हा हयात नव्हतं, त्यामुळे तिला काय काय होतं हे सांगायची आईला मुभाच होती. तिथून त्या घरात दोन वेगळ्या गोष्टी नांदायला लागल्या. एक, ताईनं लहानपणी बेबीला पाडलं. दुसरी, बेबीला पणजीची खळी मिळाली. दोन्ही एकाच गालाच्या, पण त्यांची आपसात कधी गाठ पडू नये याची काळजी आईनं घेतली. बेबीला स्वतःला त्यातलं काहीच आठवत नव्हतं. तिला खळी होती, लोक कौतुक करत होते, आणखी काय पाहिजे?

ताईच्या वाट्याला पहिली गोष्ट आली. कोणाचंही तान्हं मूल घरात आलं की आई हसत म्हणायची, "ताईकडं देऊ नका हं, धाकटीला पाडलं होतं तिनं." ताईला एक स्थळ आलं होतं, जवळजवळ ठरलंच होतं. माणूस चांगला होता. बायको गेलेली, पदरात दोन वर्षांचा मुलगा. बैठकीत आईनं ताईचं तोंड भरून कौतुक केलं, आणि शेवटी पुन्हा तेच वाक्य, तशीच हसत. त्या माणसानं आपल्या मुलाला मांडीवर जरा जवळ ओढून घेतलं. त्याचा निरोप काही आला नाही. "मी आपलं गमतीनं बोलले," आई म्हणाली. त्यानंतर ताईनं कोणाला दाखवून घेतलं नाही.

पुढं बेबीला मुलगी झाली. ताई बाळंतिणीच्या खोलीत गेली, हात धुऊन, बांगड्या काढून. आई म्हणाली, "आधी नीट बस. भिंतीला टेकून बस. अगं, राहू दे, नकोच." बेबीही म्हणाली, "राहू दे ताई, झोपलीय ती." बाळ टक्क जागं होतं. ताईनं त्याच्या पावलाला बोट लावलं आणि ती स्टुडिओत परत आली.

तिला फार काही नको होतं. बेबीची खळी काढून घ्यायची नव्हती, आईला चारचौघांत खाली पाहायला लावायचं नव्हतं. आईनं एकदा, एकदाच, म्हणावं की मोठीनं ढकललं नव्हतं, हात माझा होता. बस्स.

आणि आईला सगळं पक्कं आठवतंय हे तिनं डोळ्यांनी पाहिलं होतं. बेबीच्या लग्नासाठी फोटो काढला तेव्हाची गोष्ट. वीस वर्षांच्या त्या नितळ गालावर, कॅमेऱ्याच्या दिव्याखाली, खड्डा चांगलाच उघडा पडला होता. तीन कोपऱ्यांचा, कडा धारदार. आई स्वतः स्टुडिओत आली, मेजाशी ताईच्या शेजारी बसली आणि निगेटिव्हवर बोट रोखून म्हणाली, "इथं जरा गोल कर. कडा घालव. हसल्यावर पडल्यासारखी दिसू दे." कुठं, काय, किती, सगळं नेमकं. पणजीची खळी असती तर गोल करायची गरज काय होती? ताई हातातली पेन्सिल तशीच धरून वाट बघत राहिली. आता म्हणेल, आता तरी म्हणेल. आई म्हणाली, "उद्यापर्यंत मिळेल ना?"

ताईनं कडा भरल्या आणि मध्ये मऊ सावली ठेवली. फोटो असा उतरला की मालकांनी तो काचेच्या कपाटात लावला. बेबीचं लग्न त्याच फोटोवर जमलं. नवरा अजून सांगतो, खळी बघून हो म्हटलं. मग प्रत्येक फोटोत तेच. साखरपुड्याचा, लग्नाचा, नोकरीच्या अर्जाचा, बाळाला घेतलेला. बेबी येई, बसे, आणि जाताना म्हणे, "ताई, खळीकडं बघ हं." आपण इतकं सांभाळून घेतोय, तर आईही एक दिवस आपल्याला सांभाळून घेईल, अशी ताईची वेडी आशा. तिचं सगळं शहाणपण त्या मेजावर खर्च झालं होतं, घरी न्यायला काही उरत नव्हतं.

बेबीची तीच मुलगी आता वीस वर्षांची होती आणि कॉलेजात भाषा शिकत होती. एके दुपारी ती वही घेऊन स्टुडिओत आली. मालक वरच्या डॉक्टरकडं कवळीचं माप द्यायला गेले होते, दुकानात गिऱ्हाईक नव्हतं.

"मावशी, आम्हाला प्रकल्प दिलाय," ती स्टुलावर बसत म्हणाली. "चेहऱ्यावरचा एकेक शब्द घ्यायचा. त्याचा अर्थ, तो कुठून आला, आणि आपल्या घरात त्याची काही गोष्ट असेल तर ती. मी खळी घेतली. आपल्या घरात दुसरं आहे काय!"

"मग आला कुठून?"

"बाई म्हणाल्या, साधा आहे शब्द. खळगा, खळी, सगळी एकाच कुळातली. खळी म्हणजे लहानसा खड्डा, एवढंच. माझी निराशाच झाली. मला वाटलं होतं काहीतरी नाजूक असेल."

ताई हसली. "नाजूक कशाला असेल? शब्द करणाऱ्यांनी जे दिसलं ते सांगितलं. पण हे लिही, आपण खळी पडते म्हणतो. हसली की पडते आणि हसू गेलं की जाते. तो तिचा स्वभाव."

भाची लिहिता लिहिता थांबली. "पण आईची कायम दिसते. झोपलेली असते तेव्हासुद्धा."

पन्नास वर्षांत कोणी हे बोललं नव्हतं. ताईनं संगणकाचा माउस बाजूला सारला. मग तिनं सांगितलं. दूध, स्टूल, उलथनं, दवाखाना. आवाज न चढवता, कोणाला नाव न ठेवता. भाचीचा चेहरा उतरत गेला.

"आजीनं?" ती म्हणाली. "मग तू कधी सांगितलं का नाहीस?"

"कोणाला सांगू? मी पाडलं हे सगळ्यांना माहीतच होतं."

"आपण विचारू ना आजीला. रविवारी मी आहे घरी."

"थांब," ताई म्हणाली. "नुसतं माझ्या तोंडावर कोण विश्वास ठेवेल? मी फोटो आणते."

फोटो आणते म्हणाली खरी, पण फोटो होते कुठं? घरातल्या अल्बममध्ये चाळीस फोटो असतील, त्या प्रत्येकात गोल, मऊ, हसरी खळी होती, ताईनं स्वतःच्या हातानं घातलेली. लहानपणीचा एकही नव्हता, आईनं त्या वयात बेबीचा फोटोच काढू दिला नव्हता. आपण काय करून बसलो हे ताईला त्या दिवशी पहिल्यांदा नीट कळलं.

पण निगेटिव्ह असते. पेन्सिल वरवरची असते, औषधासकट पुसली जाते. ताई मागच्या खोलीत शिडी लावून चढली. पत्र्याच्या पेट्यांवर सालं घातलेली होती, ताईच्याच अक्षरात. बेबीच्या लग्नाआधीची निगेटिव्ह पिवळ्या पाकिटात मिळाली. तिनं ती जुन्या मेजावर ठेवली, बोळा टर्पेंटाइनमध्ये भिजवला आणि गालावरून हलकेच फिरवला. कापूस काळा झाला. दुसरा बोळा घेतला. खालून खड्डा वर आला, तीन कोपऱ्यांचा, कडा धारदार, जशाच्या तसा. ताईच्या डोळ्यांत पाणी आलं. इतक्या वर्षांनी कोणीतरी तिच्या बाजूनं साक्ष द्यायला उभं राहिलं होतं.

तिनं निगेटिव्ह स्कॅन केली, काडीचाही बदल न करता मोठा फोटो छापला आणि पुठ्ठ्यात घालून रविवारी दुपारी बेबीच्या घरी गेली. आई बेबीकडंच राहायची. ब्याऐंशी वर्षांची झाली होती, गुडघे गेलेले, कान आणि जीभ शाबूत. पलंगावर उशीला टेकून बसली होती. बेबी कपडे घड्या करत होती. भाचीनं मावशीकडं बघून मान हलवली.

ताईनं फोटो पलंगावर ठेवला. "आई, हा बेबीचा लग्नाआधीचा. तू येऊन बसली होतीस तो. पेन्सिल पुसून टाकलीय मी. आता सांग, हे कसं झालं."

आईनं चष्मा लावला. फोटो बराच वेळ पाहिला. तिच्या तोंडावरची रेष हलली नाही. मग तिनं तो बेबीपुढं सरकवला.

"बघ तुझ्या बहिणीचे उद्योग," ती म्हणाली. "हिच्या हातात जादू आहे. पाहिजे त्याचं तोंड पाहिजे तसं करते. आता तुझं असं केलंय."

"आई, हे मी केलेलं नाही. केलेलं पुसलंय."

"जन्मभर दुसऱ्यांची तोंडं बदलत आलीस, आणि म्हणे हे नाही केलेलं."

बेबीनं फोटो उचलला. तिचा हात आपोआप गालाकडं गेला. तिचे गाल आता भरले होते, कातडी सैलावली होती, बोटांना तिथं काही कळण्यासारखं राहिलं नव्हतं. "ताई," ती म्हणाली, आणि तिचा आवाज रडवेला झाला. "माझ्याकडं एवढी एकच गोष्ट होती गं. तीही बघवली नाही का तुला?"

"बेबी, मला तुझं काही नकोय. मी तुला पाडलं नव्हतं, एवढंच."

"मी कधी काही बोलले का त्यावरून? एकदा तरी?"

ताई भाचीकडं वळली. भाची फोटो हातात घेऊन खिडकीजवळ गेली होती. उजेडात धरून बघत होती, मागूनपुढून. पोरगी वाईट नव्हती. ती फोन आणि संगणकावर वाढलेली होती, चेहरे किती सहज बदलता येतात हे तिला चांगलं ठाऊक होतं. "मावशी," ती हळूच म्हणाली, "दुसरा एखादा नाहीये का? तू हात न लावलेला?"

"नाही," ताई म्हणाली.

भाचीनं फोटो पालथा घालून टेबलावर ठेवला. बेबी डोळे पुसत स्वयंपाकघरात गेली, तिच्या मागोमाग भाचीही गेली. चहाचं भांडं आपटल्याचा आवाज आला. खोलीत आई आणि ताई दोघीच उरल्या.

आईनं चष्मा काढून पदरानं पुसला. मग ताईकडं न बघता, अगदी साध्या आवाजात, म्हणाली, "तू वाकलीस."

ताईला वाटलं आपल्याला भास झाला.

"तू वाकली नसतीस तर तिचं तोंड वाचलं असतं," आई म्हणाली.

सगळंच तर आठवत होतं. झगा, स्टूल, उंची, सगळं. पन्नास वर्षं ज्या वाक्याची वाट पाहिली ते आलं होतं, आणि त्यातही चूक ताईचीच होती.

"आई, स्टुलावर ती माझ्याहून जराशी उंच झाली होती," ताई म्हणाली. "तिच्या गालाला लागलं. मला लागलं असतं तर डोळ्यात लागलं असतं. डोळा गेला असता माझा."

आईनं उशी जरा वर ओढून घेतली. "तुझं काय," ती म्हणाली, "तुझं निभावलं असतं."

बेबी चहा घेऊन आली. तिनं नाक ओढत विचारलं, "काय म्हणत होतीस गं आई?"

"काही नाही. ताईला म्हटलं, झालं गेलं सोडून दे. पोरीच्या प्रकल्पाला फोटो लागेल ना? आधीचाच दे म्हटलं, खळीचा."

"देशील ना ताई?" बेबीनं विचारलं.

ताईनं कप हातात घेतला. "देते," ती म्हणाली.

सोमवारी तिनं खिडकीपाशी जुनं मेज ओढलं आणि आरसा पुसला. निगेटिव्हवर औषध चोळलं, शिसं घासून सुईसारखं केलं. मालकांनी विचारलं, "ताई, आज पेन्सिल? संगणकावर दोन मिनिटांत होईल की." ताई म्हणाली, "पेन्सिलीची सवय आहे." कडा भरायला तिला पाऊण तास लागला. मध्ये तिनं एकदा डाव्या डोळ्यावर हात ठेवून बघितलं आणि एकदा उजव्या. एका डोळ्यानं हे काम झालं नसतं, ठिपका किती खोल पडतो ते कळत नाही. मग तिनं हात खाली घेतला आणि बेबीच्या गालावर खळी पाडली.